पंचाहत्तर मायक्रॉन

आमच्या वास्कोच्या घरात पांढरे पडदे नाहीत. लग्न होऊन आली तेव्हा आईने हौसेने लावले होते म्हणे, स्वतः विणलेल्या क्रोशाच्या किनारीचे. पंधरा दिवसांत त्यांची फडकी झाली. त्यानंतर चॉकलेटी, गडद निळे, आणि एकदा तर बाबांनी बार्जवरून आणलेलं ताडपत्रीसारखं खाकी कापड. दोरीवरचे कपडे दुपारी दोनच्या आत काढायचे हा घरातला कायदा, कारण त्यानंतर समुद्रावरचं वारं सुटतं आणि बंदर आमच्या पश्चिमेला आहे. संध्याकाळी आई खिडकीच्या चौकटीवरून बोट फिरवते, उजेडाकडे धरून बघते आणि सांगते, आज कोळशाची बोट लागली होती. बोटावरून बोट ओळखणारी ही बाई. बाबांच्या टॅलीबुकाशी ताडून पाहिलं की तिचं म्हणणं बहुतेक वेळा खरं निघायचं.

बाबा टॅली क्लार्क होते. बार्ज किती भरली, किती उतरली, याचा हिशेब ठेवणारे. धुळीबद्दल आई बोलायला लागली की ते पेपर वर धरत आणि पेपराआडून म्हणत, "धूळ नाही म्हणजे काम नाही." २०१२ मध्ये गोव्यातल्या लोहखनिजाच्या खाणी बंद झाल्या तेव्हा ते नुकतेच निवृत्त झाले होते. लाल धूळ कमी झाली, आणि त्यांच्या मित्रांचे ट्रक दारात उभे राहून हप्ते थकले. तेव्हा आईही काही बोलली नाही. काळी धूळ मात्र येतच राहिली.

अशा घरातल्या मुलीने आयुष्यातली सहा वर्षं कोळशाची पूड जाळण्यात घालवली. फर्मागुडीला मेकॅनिकल केलं, मग घाट चढून दक्षिणेतल्या एका संस्थेत संशोधनाला गेले. विषय मिळाला तो असा: गिरकी घेत खळबळत जाणाऱ्या हवेत दगडी कोळशाची भुकटी पेटते कशी आणि पेटलेली टिकते कशी. पहिल्या सुट्टीत घरी आले तेव्हा आई आदोळीवर नारळ खवत होती.

"नेमकं करतेस काय गं तिकडे?"

"कोळशाची पूड वाऱ्यावर सोडते आणि तिचं काय होतं ते मोजते."

तिचा हात थांबला. "त्यासाठी एवढ्या लांब जायला लागलं?"

श्रावणात दामोदराच्या सप्ताहाला नातेवाईक भेटतात, त्यांचा प्रश्न वेगळा. सोलरच्या जमान्यात कोळसा कशाला? खरं आहे, आणि खोटंही. गोव्यात कोळशावरचं वीजकेंद्र नाही, म्हणून आपल्याला वाटतं की आपला त्याच्याशी संबंध फक्त धुळीपुरता. पण ज्या पंख्याखाली बसून ते मला हे विचारतात, तो फिरतो त्यातली बरीच वीज छत्तीसगड आणि मध्य प्रदेशातल्या औष्णिक केंद्रांतून येते. देशाची निम्म्याहून जास्त वीज अजून कोळशाचीच आहे. जाळायचाच असेल तर निदान नीट जाळावा, एवढंच माझं समर्थन. ते फार बळकट आहे असं मलाही वाटत नाही.

पूड का करायची, हे मला प्रयोगशाळेत जायच्या कितीतरी आधी चिखलीच्या पोदेराने, म्हणजे पाववाल्याने, दाखवलं होतं. मामाच्या घरामागे त्याची भट्टी. पहाटे फोर्न तापवला की निखारे बाजूला सारायचा आणि आम्ही मुलं दारात घुटमळत असलो तर कुंड्याच्या पोईसाठी ठेवलेल्या कोंड्यातली चिमूट घेऊन आत भिरकावायचा. "पळय बाय," म्हणायचा. हवेतल्या हवेत कोंड्याची प्रत्येक पापडी वेगळी चमकून विझायची, दिवाळीतल्या फुलबाजीसारखी. आणि तोच कोंडा कोपऱ्यात ढिगाने सांडला असला तर? नुसता धुमसत राहायचा. वास यायचा, उजेड नाही.

हीच गोष्ट आकड्यांत सांगते. एक किलोचं कोळशाचं ढेकूळ घ्या, साधारण नऊ सेंटिमीटर बाजूचं. हवेला भिडायला त्याच्याकडे पाचशे चौरस सेंटिमीटर जागा आहे, एका बऱ्यापैकी ताटाएवढी. तेच ढेकूळ दळून ७५ मायक्रॉनचे (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग) कण केले तर ते होतात साडेतीनशे कोटींच्या घरात, आणि त्यांचा एकूण पृष्ठभाग भरतो साठ चौरस मीटरच्या वर. आमचा वास्कोचा फ्लॅट तेवढाच आहे, बाल्कनी धरून. ढेकळाला जळायला तास लागतो तिथे कणाला सेकंद पुरतो, ते यामुळे. ७५ मायक्रॉन हा आकडाही माझा नाही. २०० नंबरच्या चाळणीचं भोक तेवढं असतं, आणि वीजकेंद्रातल्या चक्क्या कोळसा अशा दळतात की सत्तर टक्के माल त्या चाळणीतून खाली पडावा. मैदा समजा. काळा मैदा.

या मैद्याचा राग माणसाने आधी खाणीत पाहिला, मग तो बॉयलरमध्ये बांधला. २८ सप्टेंबर १८४४ रोजी इंग्लंडमधल्या हॅसवेलच्या कोळसा खाणीत स्फोट होऊन ९५ माणसं आणि पोरं मेली. चौकशीला सरकारने मायकेल फॅरडे आणि भूगर्भशास्त्रज्ञ चार्ल्स लायल यांना पाठवलं. तोवर सगळा दोष खाणीतल्या वायूवर जायचा. या दोघांनी भिंतींवर, खांबांवर चिकटलेला अर्धवट जळलेला कोळशाचा थर पाहिला आणि लिहिलं की वायूने काडी लावली असेल, पण आग मोठी केली ती धुळीने. फॅरडे खाली तपास करताना एका पोत्यावर बसला होता आणि सुरुंगाची दारू कुठे ठेवता असं विचारल्यावर, ज्यावर बसलाय त्याच पोत्यात, असं उत्तर मिळालं, असा किस्सा सांगतात. अहवालातल्या धुळीकडे मात्र पुढे कित्येक वर्षं कोणी लक्ष दिलं नाही. १० मार्च १९०६ ला फ्रान्समधल्या कूरिएरच्या खाणीत १,०९९ जण गेले, तेव्हा द्यावंच लागलं. आणि त्याच सुमाराला दुसरीकडे सिमेंटच्या फिरत्या भट्ट्यांत हीच धूळ मुद्दाम फुंकून जाळायला सुरुवात झालेली होती. अमेरिकेतल्या मिलवॉकीच्या ओनायडा स्ट्रीट वीजकेंद्राने १९१८ च्या सुमारास ती विजेसाठी वापरून दाखवली.

आता गिरकी. इथे मला थोडं रेंगाळू द्या, माझी सहा वर्षं इथेच गेली आहेत.

भुकटी नळीतून वाहून न्यायची तर हवेला वेग लागतो, सेकंदाला वीस मीटरच्या वर. कमी पडला तर पूड नळीतच बसते. पण भुकटीच्या ढगातून ज्वाळा स्वतःच्या बळावर पुढे सरकते ती फार हळू, माणसाच्या चालीनेसुद्धा नाही. म्हणजे नळीच्या तोंडाशी पेटवलेली ज्योत वाऱ्यासोबत पुढे पळणार आणि विझणार. तुळशीपुढची पणती फुंकर मारून विझते तशीच. मग वीजकेंद्रातल्या बॉयलरमध्ये, जिथे ५०० मेगावॅटसाठी तासाला तीनशे टनांच्या आसपास कोळसा असाच फुंकला जातो, ती टिकते कशी?

गिरकीमुळे. भुकटीच्या नळीभोवती दुसरी, मोठी नळी असते. तिच्यातून येणारी गरम हवा तिरक्या पात्यांमधून सोडतात. ती गोल फिरत बाहेर पडते. चतुर्थीला आमच्याकडे बायका फुगडी घालतात ती आठवा. हात धरलेले, अंग मागे झोकलेलं, वेग वाढला की दोघी बाहेर फेकल्या जाताहेत असं वाटतं, आणि मधे काहीच नाही. फिरणाऱ्या हवेचंही तसंच. ती बाहेर लोटते, मधला दाब उतरतो. बर्नरच्या तोंडाशी गिरकी जोरात म्हणून तिथे दाब सगळ्यात कमी. पुढे पसरत गेली की गिरकी मंदावते आणि दाब पुन्हा सावरतो. हवा तर जास्त दाबाकडून कमी दाबाकडेच जाणार. म्हणजे इथे उलटी, मागे, बर्नरच्या तोंडाकडे. जळून गेलेला, हजारभर अंशांचा धूर परत येतो आणि नुकत्याच बाहेर पडणाऱ्या गार भुकटीला पेटवतो. मग तीही धूर होऊन परत येते.

गिरकी किती आहे हे सांगणारा एक आकडा असतो: फिरण्याचा जोर आणि पुढे जाण्याचा जोर यांचं गुणोत्तर. साधारण ०.६ च्या खाली मधला प्रवाह नुसता मंदावतो, वर गेलं की उलटतो. आमच्या बर्नरला मी ३० अंशांची पाती लावली तेव्हा तो आकडा ०.४ च्या आसपास येत होता, ४५ अंशांची लावली तेव्हा ०.७. हे कागदावर मला माहीत होतं. तरी पहिल्या दिवशी, आग वगैरे काही नाही, नुसती हवा सोडून, लांब सळईच्या टोकाला लोकरीचा धागा बांधून मी तो मधोमध धरला, आणि पंख्याचा घोंघाट कानात असताना तो धागा वाऱ्याच्या तोंडाकडे वळून ताठ उभा राहिला. मी सळई बाहेर काढली, पुन्हा आत घातली. पुन्हा तसाच. गाईड पलीकडे चहा पीत होते. मी त्यांना हाक मारली नाही. थोडा वेळ तो धागा एकटीलाच बघायचा होता.

या अभ्यासाचं माहेर आहे हॉलंडमधलं आयमाउदन. युद्धानंतर, १९४८ मध्ये, युरोपातल्या देशांनी मिळून तिथे ज्वाळांच्या संशोधनाची आंतरराष्ट्रीय संस्था काढली. एवढ्या मोठ्या ज्वाळा कॉलेजच्या टेबलावर मावत नाहीत आणि कारखान्यात मोजू देत नाहीत, म्हणून खास प्रयोगासाठी भट्टी बांधली. पुढच्या दोन-तीन दशकांत तिथे पाण्याने गार ठेवलेल्या लांब नळ्या ज्वाळेत खुपसून लोकांनी इंच इंच मोजला: तापमान, वायू, वेग. गिरकीची ती सगळी समज तिथून आली. आयमाउदन हेही बंदर. पोलादाचा मोठा कारखाना बंदराला लागून. नकाशावर पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला हसू आलं. तिथेही कुणाची तरी आई चौकटीवरून बोट फिरवत असणार.

आमची भट्टी त्यांच्यापुढे खेळणं. तासाला तीन किलो कोळसा, म्हणजे घरातल्या सातआठ बर्नरांएवढी आच. पण तीन किलो एकसारखे सोडणं हे तीनशे टन सोडण्यापेक्षा अवघड असतं हे मला कुणी सांगितलं नव्हतं. पूड ओतायचं यंत्र म्हणजे नरसाळं आणि खाली फिरणारा स्क्रू. गिरणीत दळणाच्या नरसाळ्याला माणूस अधूनमधून थाप का मारतो ते तेव्हा कळलं. भुकटी कमान धरते. खालचं निघून जातं, वरचं लोंबकळत राहतं आणि मग एकदम कोसळतं. ज्योत तशीच श्वास टाकायची, फुगायची, बसायची. जुलैत तर हवेतल्या ओलीने गोळे व्हायचे. मग १०५ अंशांच्या ओव्हनमध्ये वाळवणं, चाळणं, गरम असतानाच भरणं, नरसाळ्याला एक छोटी थरथरणारी मोटर बांधणं. माझ्या प्रबंधात या मोटरचं एक वाक्य आहे. तिच्यामागे सात महिने आहेत.

मग मोजणी. हिरव्या लेसरचे दोन किरण ज्वाळेत एका बिंदूवर आडवे छेदले की तिथे उजेड-अंधाराच्या बारीक पट्ट्या तयार होतात, झेब्रा क्रॉसिंगसारख्या. त्यातून कण गेला की तो लुकलुकतो. किती भरभर लुकलुकला त्यावरून वेग कळतो. नुसत्या हवेत मोजायचं तर आपण ॲल्युमिनाची बारीक पूड मुद्दाम सोडतो. कोळशाच्या ज्वाळेत वाटतं, कण आयतेच आहेत. तिथेच फसगत. मोठा कण जास्त चमकतो, यंत्राला तोच आधी दिसतो, आणि मोठा कण हवेबरोबर चालतच नाही. ७५ मायक्रॉनच्या कणाला गार हवेत वाऱ्याशी जुळवून घ्यायला वीसएक मिलिसेकंद लागतात. १० मायक्रॉनच्या कणाला अर्ध्या मिलिसेकंदाहूनही कमी. व्यास साडेसातपट, पण सुस्ती छप्पनपट, कारण इथे व्यासाचा वर्ग मोजला जातो. भोवरा वळेपर्यंत बारका कण त्याच्यासोबत वळतो, मोठा सरळ निघून जातो, भिंतीकडे. पहिलं वर्षभर मी जो हवेचा वेग म्हणून मिरवत होते तो मोठ्या कणांचा वेग होता. उलट परतणारा प्रवाह माझ्या आलेखात होता त्यापेक्षा लांबट आणि जोरकस निघाला. ज्यांना उलटं फिरायचं होतं ते फिरत होते, मला फक्त न वळणारेच दिसत होते.

तापमानाचंही तसंच. ज्वाळेत उघडी तार खुपसली की ती खरी उष्णता सांगत नाही, स्वतः भिंतींकडे बघून गार होते आणि कमी आकडा दाखवते. तिच्याभोवती टोपरं घालून, धूर जोराने शोषून तिच्यावरून न्यावा लागतो. आणि टोपरं काजळीने बुजतं. असो.

एकदा माझ्या हातून चूक झाली. ज्योत विझली होती, आणि आतली भुकटी हवेने पुरती झाडून न काढता मी पुन्हा ठिणगी दिली. धप्. मोठा नाही, पण दाब सोडायची झडप उडाली, काचेची खिडकी गेली आणि छताखाली काळा बर्फ पडायला लागला. कुणाला लागलं नाही. गाईड दारात आले, एक नजर टाकली आणि विचारलं, "झाडू कुठे आहे?" बस्स. पुढचे दोन दिवस मी संगणक, टेबलं, लेसरच्या भिंगांच्या पेट्या, दुसऱ्यांच्या वह्या पुसत होते. कोरड्या फडक्याने पुसलं की पसरते, ओल्याने पुसलं की रेघ उठते. आधी अलगद झटकायची, मग ओल्या फडक्याची घडी एकाच दिशेने ओढायची आणि घडी बदलायची. हे मला कुठल्या पुस्तकाने शिकवलं नव्हतं. हात आपोआप तसे चालले. रात्री होस्टेलच्या आरशात नाकाखाली दोन काळ्या रेघा.

एका कणाचं आयुष्य किती, हे आईने एकदा फोनवर विचारलं होतं. तिला सांगितलं ते असं: बर्नरमधून बाहेर पडला की परतून आलेला धूर त्याला गाठतो, आणि तो सेकंदाला लाखभर अंश या वेगाने तापायला लागतो. अर्थात सेकंदभर नाही, काही मिलिसेकंद. ओल उडते. मग पोटातले वायू बाहेर फुटतात, कण मऊ होऊन फुगतो, त्याच्याभोवती स्वतःची ज्योत पेटते. हे सगळं पापणी लवायच्या आत. उरतो तो पोकळ, भोकाभोकांचा कोळसा, आणि त्याला प्राणवायू आत शिरेल तसं हळूहळू जळावं लागतं. त्याला अर्धा-एक सेकंद. भट्टीत त्याच्या हाती मिळून दोन-तीन सेकंद असतात. तेवढ्यात जळला तर राख, नाही तर राखेसोबत फुकट. आपल्या देशातल्या कोळशात तीस-चाळीस टक्के राखच असते, ती वितळून काचेचे सूक्ष्म गोळे होतात. त्यातले काही पोकळ, पाण्यावर तरंगतात.

"एक सेकंद," आई म्हणाली. "आणि मला पुसायला रोज पाऊण तास."

वास्कोला उतरणारा कोळसा बहुतेक वीजकेंद्रात जातच नाही. तो वाघिणींत भरून कुळे, दूधसागर, कॅसलरॉक असा ब्रागांझा घाट चढतो, जिथे चढण ३७ ला १ आहे, आणि कर्नाटकातल्या पोलादाच्या भट्ट्यांना लागतो. त्यातला मोठा भाग शिजवून कोक, म्हणजे पोलादाच्या भट्टीत घालायचा कडक कोळसा, होतो. काही दळून भुकटी करून झोतभट्टीत १,१००-१,२०० अंशांच्या हवेबरोबर फुंकतात. तिथे कणाला वीसएक मिलिसेकंदच मिळतात, गिरकीचे लाड नाहीत. याच मार्गाच्या दुपदरीकरणाला विरोध म्हणून २०२० च्या नोव्हेंबरात चांदरला लोक रात्री रुळांवर उतरले. मी तेव्हा लॅबमध्ये होते. फोनवर ते चित्रीकरण बघताना माझ्या मागे नरसाळ्याची मोटर थरथरत होती, आणि मी ती बंद केली नाही. बंद केली असती तर ज्योत गेली असती.

एका सुट्टीत मी कागदावर एक साधा हिशेब केला. दहा मीटर उंचीवरून कण सुटला, वारा सेकंदाला तीन मीटर. ७५ मायक्रॉनचा कण सेकंदाला वीसबावीस सेंटिमीटर वेगाने खाली येतो. पाऊण मिनिटात जमिनीवर, सव्वाशे-दीडशे मीटरच्या आत. १० मायक्रॉनचा कण उतरतो सेकंदाला चार मिलिमीटर. तो पाऊण तास हवेत राहील आणि सात किलोमीटर जाईल. खरा वारा असा शहाण्यासारखा वाहत नाही, इमारतींमागे भोवरे घेतो, पडलेलं पुन्हा उचलतो. तरी एक कळतं: आमच्या घरापर्यंत ढिगावरचा मोठा कण सहसा पोचू नये. जो बोटाला लागतो तो बारका असणार, किंवा जवळच्या रस्त्यावर वाघिणीतून, ट्रकमधून सांडून टायरखाली पुन्हा दळलेला.

मी आईकडून एका पुडीत आठवड्याची धूळ मागून घेतली. भस्माची पुडी बांधावी तशी तिने बांधली, वर तारीख घातली. लॅबमध्ये सूक्ष्मदर्शकाखाली पसरली. कोळशाचे कण होते, नक्की होते. फुटलेल्या बाटलीसारख्या धारा, चमक. पण लाल मातीही होती, मिठाचे चौकोनी स्फटिक होते, टायरच्या रबराच्या सुरळ्या होत्या, काजळीचे झुबके होते, परागकण होते. मग उरलेली पूड तापवत तापवत वजन करणाऱ्या यंत्रात ठेवली. नायट्रोजनमध्ये तापवली, वायू गेले. मग हवा सोडली, जळण्यासारखं होतं ते जळलं. वजन उतरलं, पण मला वाटलं होतं तेवढं नाही. बरंच काही तसंच बशीत राहिलं.

घरी सांगितलं तेव्हा आई बराच वेळ माझ्याकडे बघत राहिली.

"म्हणजे कोळसा नाही म्हणतेस?"

"आहे. पण काळं दिसतं ते सगळं कोळसा नाही."

"वकिलासारखं बोलायला लागलीस."

बाबा असते तर पेपराआडून हसले असते. आणि मला ते हसूही आवडलं नसतं. कारण त्या पुडीने काहीच सिद्ध होत नाही, ना तिचं ना त्यांचं. एका आठवड्याची, एका खिडकीची, बोटाने गोळा केलेली धूळ. माझ्या विद्यार्थ्याने असं एक माप आणून निष्कर्ष काढला असता तर मी त्याला परत पाठवलं असतं. ज्या कणासाठी मी सात महिने एक मोटर बांधत बसले, त्याच्याबद्दल माझ्या आईच्या खिडकीत मात्र मला चिमूटभर पुडीवर बोलायचं होतं.

तेव्हा परत जाताना काचेच्या पट्ट्यांचं एक खोकं तिच्याकडे ठेवलं. प्रत्येक पट्टीवर व्हॅसलिनचा पातळ हात, रोज एक पट्टी पश्चिमेच्या खिडकीत, सकाळी सातला बदलायची, झाकून डबीत. तारीख आणि वारा कालनिर्णयावर. तिने दोन दिवस कटकट केली, तिसऱ्या दिवशी विचारलं की पाऊस आला तर काय लिहायचं. आता ती बाबांचं तिकिटांचं भिंग वापरते, पोर्तुगीज अमलातली तिकिटं बघायला त्यांनी घेतलेलं, पितळी दांड्याचं. कालनिर्णयाच्या चौकोनात आमसुलं, गॅस, एकादशी यांच्या बाजूला बारीक अक्षरात "प. वारा, जोर" असं दिसतं. काही चौकोनांत नुसतं "बोट".

परवा सकाळी सव्वासातला फोन आला. मी समजले, काहीतरी झालं.

"ऐक, आज पट्टीवर एक मोठा आहे. भिंगाशिवाय दिसतो. तुझा तो पंचाहत्तरवाला असेल."

"एवढ्या लांब यायला नको तो."

"आलाय तर खरा," ती म्हणाली. "काय लिहू?"

"वारा लिही."

"लिहिलाय. दूध ठेवलंय गॅसवर, ठेवते आता."